ओन्नीरावांचा वन्स मोअर

सिंगापूरमध्ये टॅम्पिनीसच्या आमच्या ब्लॉकची लिफ्ट तशी ऐसपैस. सकाळी ऑफिसला निघालेली माणसं, शाळेची मुलं, भाजीची ट्रॉली ओढणाऱ्या चिनी आज्या, सगळे आत शिरायचे आणि दाराकडे तोंड करून मुकाट उभे राहायचे. वरच्या मजल्यावरचे ओन्नीराव तेवढे दाराकडे पाठ करून आमच्याकडे बघत उभे राहायचे. हसायचे नाहीत, बोलायचे नाहीत. उंच, हाडकुळे, साठीला टेकलेले गोरे गृहस्थ, आणि भुवया इतक्या पांढऱ्या की आहेत की नाहीत ते कळू नये. माझी नात ईशा माझा हात दाबून, इथल्या मुलांसारखं शेवटी 'लाह' लावत पुटपुटायची, "आज्जी, सो वियर्ड, लाह."

पुढे ओळख झाल्यावर मी त्यांना सरळ विचारलं. म्हणाले, "मी ठरवून नाही करत. आयुष्यभर माणसं ज्या बाजूला बसलेली असतील तिकडे तोंड करायची सवय. दाराकडे वळलो की वाटतं, माझं काम संपलं, आता आत जायचं."

ते नट होते. फिनलंडचे. फिनलंड कुठे आहे ते मला ठाऊक नव्हतं. ईशाने नकाशावर बोट ठेवून दाखवलं, तर ते जवळजवळ नकाशाच्या चौकटीलाच चिकटलेलं निघालं. नाव नुसतं ओन्नी. आडनाव होतं, पण मारुतीच्या शेपटासारखं, ते माझ्या तोंडात कधी बसलं नाही. 'राव' मी लावलं. साठीच्या माणसाला नुसतं ओन्नी कसं म्हणायचं? आणि ते मला 'मिसेस आज्जी' म्हणायचे, कारण नात हाक मारते तेच माझं नाव असं त्यांना वाटलं होतं. मीही कधी सुधारायला गेले नाही. इथे मला नावाने हाक मारणारं तसंही कोणी उरलं नव्हतं.

हे गेल्यावर माझा मुलगा निखिल मला इकडे घेऊन आला. ही गोष्ट दोन हजार चौदाच्या आगेमागेची. निखिल आणि सून मधुरा, दोघं सकाळी एमआरटीने, म्हणजे इथल्या मेट्रोने, रॅफल्स प्लेसला बँकेत जायची, ईशा शाळेत. मागे मी आणि फ्लॅट. घर चकचकीत, पंखे, एसी, सगळं. पण बाराव्या मजल्यावरून खाली बघितलं की सगळी माणसं कुठेतरी निघालेली दिसायची, आणि मला कुठे निघायचंच नसायचं. म्हणून दुपारी मी खाली व्हॉइड डेकवर जाऊन बसायची. इथल्या इमारतींचा तळमजला मोकळा ठेवतात, नुसते खांब आणि मधे दगडी टेबलं. त्यालाच व्हॉइड डेक म्हणतात. एका टेबलावर चिनी म्हातारे बुद्धिबळ मांडून बसलेले असायचे, दुसऱ्यावर मी.

तिथेच एका दुपारी ओन्नीराव खांबांमधून येरझारा घालताना दिसले. स्वतःशीच बोलत होते. चार पावलं गेले की थांबायचे, कपाळावर हात मारायचे, खिशातले कागद काढून त्यांत डोकावायचे, पुन्हा चालायला लागायचे. मलयी शेजारीण फातिमा मला म्हणाली, "आंटी, पुअर थिंग, ऊन लागलंय त्याला." मी म्हटलं, ऊन नाही, हे पाठांतर आहे.

मला ते न कळून कसं चालेल? नगर जिल्ह्यात साखर कारखान्याच्या कॉलनीत माझं निम्मं आयुष्य गेलं. तिथे गणपतीत नाटक बसायचं आणि मी प्रॉम्प्टर. सातवीत शाळा सुटली होती, पण वाचायला मी झपाट्याची, आणि आवाज असा की विंगेतून नटापर्यंत जाईल, पहिल्या रांगेतल्या मॅनेजरसाहेबांपर्यंत जाणार नाही. मी काम मात्र कधीच केलं नाही. पण गावातला प्रत्येक नट कुठल्या वाक्यावर घसरतो ते मला माहीत होतं.

म्हणून मी उठले आणि त्यांच्यासमोर हात पसरला. माझं इंग्रजी म्हणजे ईशाच्या शाळेच्या पुस्तकांवरून आणि टीव्हीवरून उचललेलं. म्हटलं, "गिव्ह. यू वॉक. आय सी."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं, कागदाकडे पाहिलं आणि कागद माझ्या हातात दिले. एक प्रश्न विचारला नाही. त्या माणसाची ही गोष्ट मला फार आवडायची. उगाच 'नको, तुम्हाला कशाला त्रास' वगैरे काही नाही.

भाषा त्यांची. एक अक्षर कळायचं नाही. पण थोड्या दिवसांत मला एक शोध लागला. इंग्रजीसारखं लिहायचं एक आणि म्हणायचं एक, असला लबाडपणा त्या भाषेत नाही. लिहिलं असेल तसं म्हणायचं, दोनदा लिहिलं असेल तर दाबून म्हणायचं. मग मी पेन्सिलीने प्रत्येक ओळीच्या डोक्यावर आपल्या अक्षरांत लिहून घेतलं. ओन्नीराव ते कागद उन्हात धरून बराच वेळ बघत राहिले. म्हणाले, "आमच्या थिएटरात अशी एक बाई असते. कुइस्काया. म्हणजे कुजबुजणारी. आता बऱ्याच ठिकाणी राहिली नाही. मला वाटलं नव्हतं की ती मला इथे भेटेल."

पहिल्याच आठवड्यात आमची जुंपली. नाटकाच्या शेवटी एक जागा होती. तिथे ते बोलता बोलता थांबले. कॉलनीच्या नाटकात नट क्षणभर थांबला की तो विसरला असंच समजायचं, आणि तो खरंच विसरलेला असायचा. मी लगेच शब्द दिला. त्यांनी पहिल्यापासून सुरू केलं. पुन्हा तिथेच थांबले, पुन्हा मी शब्द दिला. तेव्हा ते माझ्यासमोर येऊन बसले आणि शांतपणे म्हणाले, "मिसेस आज्जी, मी विसरलो नव्हतो. ती शांतता माझी आहे. तिला हात लावू नका."

"मग मला कसं कळणार, शांतता कुठली आणि विसरणं कुठलं?"

"चेहऱ्यावरून कळत नाही?"

"तुमच्या चेहऱ्यावरून? पोस्टाची पेटी बरी."

ते हसले नाहीत, पण पांढऱ्या भुवया हलल्या. मग मी त्यांना आमची कॉलनीतली खूण सांगितली. शब्द अडला की नटाने हात खाली सोडलेलाच ठेवायचा आणि अंगठा दोन बोटांवर चोळायचा, चिमटीतलं मीठ सोडतो तसा. लोकांना दिसत नाही, प्रॉम्प्टरला दिसतं. बोटं हलली तर शब्द द्यायचा, बोटं स्वस्थ असली तर मी मेले तरी तोंड उघडायचं नाही. त्यांनी लगेच करून बघितलं. तेव्हापासून मी त्यांच्या चेहऱ्याकडे बघायचं सोडून दिलं. हाताकडेच बघायची.

पाठांतर कशासाठी ते मला त्यांनी घरी आल्यावर सांगितलं. मी ताक प्यायला बोलावलं होतं. दाराशी मी 'चपला' म्हणायच्या आत त्यांनी बूट काढून भिंतीशी नीट जोडून ठेवले होते. त्यांच्याकडेही तशीच रीत. आणि ताकाचा पेला तोंडाला लावला तेव्हा डोळे मिटून घेतले. म्हणाले, "पीमा." त्यांच्याकडे जेवताना असंच ताक पितात म्हणे, लहान-मोठे सगळे. इकडे आल्यापासून पहिल्यांदाच मिळालं होतं. त्यानंतर मी दही जरा जास्तच लावायला लागले. मधुरा विचारायची, "आई, एवढं दही कोण खातं?"

तर त्यांच्या गावात एका तळ्याकाठी एक लहानसं थिएटर होतं. विशीत त्यांनी तिथेच काम सुरू केलं. नाटक होतं एका म्हाताऱ्या नावाड्याचं. गावात पूल बांधतात, होडी बंद होते, आणि हा शेवटच्या दिवशी वल्हं घेऊन काठावर बसतो. तेव्हा ओन्नीरावांनी त्यातल्या पोराचं काम केलं होतं. नावाड्याचं काम करणारे जे म्हातारे नट होते, त्यांच्याकडे विंगेतून बघत ते रोज ठरवायचे की एक दिवस हे मी करीन.

"मग केलंत का नाही?"

"मधे टेलिव्हिजन आलं," ते म्हणाले. जणू मधे पावसाळा आला.

टेलिव्हिजनवर ते एका गावातले पोस्टमन झाले. मालिका इतकी वर्षं चालली की त्यांच्या डोक्यावरचे केस त्या टोपीखालीच पांढरे झाले. बाजारात बायका विचारायच्या, माझं पत्र कुठे आहे? मालिकेत त्या पोस्टमनने बायकोला फसवलं, तर खऱ्या मासेवालीने यांना मासे द्यायला नकार दिला. मी म्हटलं, "हे आमच्याकडेही होतं हो. आमच्या सासूबाई टीव्हीवरच्या खाष्ट सासूला ताटावर बसून शिव्या द्यायच्या." ते म्हणाले, "तुम्ही शिव्या देता, मग विसरता. आमचे लोक विसरत नाहीत. मालिका संपली, पण मला नाटकात घेईना कोणी. राजा म्हणून उभा राहिलो तरी लोकांना पोस्टमनच दिसायचा." मग कोणीतरी सिंगापूरचं काम सांगितलं. व्हिडिओ गेमचं. एका वर्षाचं. तिथे चेहरा दिसत नाही, एवढं ऐकूनच यांनी सही केली.

आणि आता तळ्याकाठच्या थिएटरातून निरोप आला होता. पुढच्या वर्षी तेच नाटक पुन्हा करतोय, नावाड्याचं काम तुम्ही करा.

"मग जा की."

"जाता येत नाही," ते म्हणाले, आणि ताक संपवून पेला उपडा ठेवला.

का जाता येत नाही ते मला लिफ्टने सांगितलं, असं म्हणायला हरकत नाही. एका संध्याकाळी मी, ईशा, फातिमा आणि ओन्नीराव वर निघालो होतो आणि लिफ्ट दोन मजल्यांच्या मधे अडकली. फातिमा देवाचं नाव घ्यायला लागली. ईशा सगळी बटणं एकामागून एक दाबत होती. ओन्नीराव नेहमीसारखे आमच्याकडे तोंड करून उभे. त्यांनी तिचा हात अलगद बाजूला केला आणि अगदी खोल, खर्जातल्या आवाजात इंग्रजीत म्हणाले, "हे दार पलीकडून उघडतं."

ईशा किंचाळली. भीतीने नव्हे. "ओ माय गॉड, आज्जी, ही इज द गेटकीपर!"

लिफ्टवाला माणूस येईपर्यंत तिने मला सगळं सांगितलं. एक गेम आहे. त्यात एक लोखंडी वेस आहे आणि वेशीवर एक म्हातारा दरवान. खेळणारा कुठूनही आला तरी त्याला दरवानाशी बोलावंच लागतं. बटण दाबलं की तो म्हणतो, हे दार पलीकडून उघडतं. पुन्हा दाबलं, पुन्हा तेच. जगभरची पोरं त्याच्यावर लट्टू. ईशाच्या शाळेत बाथरूमचं दार लावून घेतलं की आतली मुलगी तेच वाक्य म्हणायची.

घरी आल्यावर तिने मला दाखवलं. मी चष्मा लावून बघितलं. दाढी वेगळी, नाक वेगळं, डोक्यावर लोखंडी टोप. पण उभं राहणं ओन्नीरावांचं. मान किंचित डावीकडे. ते त्यांच्या कामाच्या जागी अंगाला घट्ट काळा पोशाख घालायचे म्हणे, त्यावर जागोजागी पांढरे ठिपके चिकटवलेले. खोलीला खिडकी नाही, वेस नाही, समोर कोणी नाही. भोवती कॅमेरे. हात कसा हलला, बोट कसं वाकलं, सगळं कॉम्प्युटर टिपून घेतो आणि त्यावर दुसऱ्याच माणसाची कातडी चढवतो.

आणि करार असा की दरवानाची गोष्ट संपेपर्यंत ओन्नीरावांनी दुसरीकडे कुठेही काम करायचं नाही. ना टीव्हीवर, ना नाटकात, ना तळ्याकाठी. सही करताना वाटलं होतं, एका वर्षाची बाब आहे. पण दरवान पोरांना आवडला. गेमचा दुसरा भाग निघाला.

"आमच्या गावी सौना असते," ते एकदा म्हणाले. आम्ही व्हॉइड डेकवर बसलो होतो आणि त्यांचा शर्ट पाठीला चिकटला होता. "लाकडाची खोली. आत वाफ. बसायचं, बसायचं, आणि असह्य झालं की दार उघडून तळ्यात उडी. दार आहे म्हणूनच माणूस वाफ सोसतो. इथे वाफ आहे सगळीकडे. मी अजून दार शोधतोय."

त्यांना खरी भीती आणखी एका गोष्टीची होती. इथे त्यांची भाषा बोलणारं कोणी नव्हतं. लेकीशी रविवारी फोनवर बोलत तेवढंच. म्हणाले, शब्द वाळत चाललेत. पूर्वी एकदा वाचलं की पाठ व्हायचं, आता रोज घोकावं लागतं. आता नाही केला तर नावाडी पुढे जमणार नाही. म्हणून ते जायचं ठरलेलं नसतानाही रोज खाली येऊन पाठ करत होते.

मग एक वाट निघाली. गेमचा डिरेक्टर डॅरेन म्हणून एक तरुण, चांगल्या स्वभावाचा मुलगा. ओन्नीरावांनी त्याच्याकडे जाऊन सरळ मागणं घातलं, की दुसऱ्या भागात दरवानाला मारून टाक. तो मेला की मी सुटलो. डॅरेनने वर विचारलं, वरचे हो म्हणाले. दरवान वेशीवर लढता लढता मरणार. ओन्नीराव खाली आले तेव्हा चाल बदललेली होती.

त्या आनंदात मी त्यांना आमच्या सासऱ्यांनी सांगितलेली गोष्ट सांगितली. जुन्या संगीत नाटकाच्या दिवसांतली. नायक रणांगणात पडलाय, मरताना पद म्हणतो आणि मान टाकतो. थिएटरातून आरोळी, वन्स मोअर. मेलेला नायक उठला, धोतर सारखं केलं, पेटीवाल्याला खूण केली, पुन्हा पद म्हटलं, पुन्हा मेला. पुन्हा वन्स मोअर. पुन्हा उठला. शेवटी कंपनीच्या मालकाने पडदा पाडला तेव्हा बिचारा सुटला.

ओन्नीरावांचे दात मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिले. हसून हसून डोळ्यांतून पाणी आलं, बुद्धिबळवाले म्हातारे वळून बघायला लागले. "मेला आणि उठला? धोतर सारखं करून?" मग डोळे पुसत विचारलं, "त्याला नाही म्हणता येत नव्हतं?"

"मायबाप प्रेक्षक. त्यांना नाही कसं म्हणणार?"

त्यांचं हसू विरत गेलं.

"ओन्नीराव," मी म्हटलं, "माझं ऐका. मरताना जरा वाईट मरा."

"म्हणजे?"

"म्हणजे आमच्या कॉलनीतले अकाउंटंट जोशी मरायचे तसे. आधी हात टेकायचा, मग जागा बघायची, मग आडवं व्हायचं. कोणालाही वाईट वाटायचं नाही."

त्यांनी ते जोशींचं मरण माझ्याकडून दोनदा करवून घेतलं. मी दगडी बाकावर आडवी झाले, या वयात. फातिमाने ते बघितलं आणि माझ्या सुनेला फोन केला.

ज्या दिवशी मरायचं होतं त्या दिवशी मी दुपारभर खाली बसून होते. संध्याकाळी ते बसस्टॉपकडून आले. समोर बसले.

"मेलात का?"

"मेलो."

"वाईट?"

पांढऱ्या ठिपक्यांचा डिंक मनगटाला लागला होता, तो ते नखाने काढत राहिले. मग म्हणाले, "करायला गेलो वाईट. हात टेकला, जोशींसारखा. पण हात टेकल्यावर मला नावाडी आठवला. काठावर हात टेकून बसतो तो. मग मी थांबलो. ती शांतता आली, मिसेस आज्जी. मी आणली नाही, आली. आणि ती आल्यावर तिच्यातून खोटं पडता येत नाही."

"मग?"

"मग काय. खोलीत सगळे रडले. डॅरेनने मला मिठी मारली."

नाटकात निम्मं आयुष्य काढलेल्या बाईला पुढचं सांगावं लागत नाही.

थोड्या दिवसांनी ते लिफ्टपाशीच भेटले. कंपनीने ते मरण काही खेळणाऱ्यांना आधी दाखवलं होतं, आणि पोरांनी लिहून लिहून हैराण केलं होतं. दरवान असा संपवायचा नाही. वरचे म्हणाले, तिसऱ्या भागात तो परत येईल. भूत होऊन. त्याच वेशीवर.

"पण तुम्ही तर मेलात," मी म्हटलं.

"मीही तेच म्हणालो. ते म्हणाले, माणूस मेलाय, गोष्ट संपलेली नाही. करारात गोष्ट असं लिहिलंय." लिफ्टचं दार उघडलं, आम्ही आत गेलो, ते आमच्याकडे तोंड करून उभे राहिले आणि म्हणाले, "त्यांनी मला वन्स मोअर दिला."

निखिलने रात्री जेवताना सगळं ऐकून घेतलं. म्हणाला, "आई, पण पगार चांगला असणार. इथे राहायचा पास आहे, काम आहे, या वयात आणखी काय हवं माणसाला?" तो हे वाईट अर्थाने म्हणाला नाही. मलाही तो तसंच सांगायचा, की इथे तुला कसली कमी आहे. मी आमटी वाढली.

तळ्याकाठच्या थिएटरने वाट बघितली, आणि मग ते काम दुसऱ्या नटाला दिलं. मला वाटलं, आता पाठांतर थांबेल. पण ओन्नीराव रोज खाली यायचे, कागद माझ्या हातात द्यायचे आणि खांबांमधून चालायला लागायचे. मी कधी विचारलं नाही, की आता कशासाठी.

तिकडे नाटक उभं राहायच्या दिवशी ते आमच्या दारात आले. अंगात लोकरीचा जाड स्वेटर. त्या घामाघूम दुपारी. म्हणाले, "तिकडे ते संध्याकाळी करतील. आपण आधी करून टाकू." आणि आमच्या बाल्कनीतला कपडे वाळत घालायचा बांबू मागितला. वल्हं म्हणून.

व्हॉइड डेकवर प्रेक्षक म्हणजे बुद्धिबळवाले म्हातारे, फातिमा, आणि शाळेतून नुकतीच आलेली, पाठीवर दप्तर असलेली ईशा. मी खांबाच्या मागे उभी राहिले, कागद घेऊन. तीच माझी विंग.

मला त्या नाटकातलं आजही एक वाक्य सोडून काही कळत नाही. पण तो माणूस त्या दगडी बाकावर बसला आणि बाक ओला दिसायला लागला, एवढं मी शपथेवर सांगते. बुद्धिबळवाल्यांनी सोंगट्या तशाच सोडल्या. अधेमधे त्यांची बोटं हलायची, मी शब्द द्यायची, ते उचलायचे, पुढे जायचे. एकदाही अडलं नाही. मग ती शेवटची जागा आली. नावाडी पुलाकडे बघतो, गप्प होतो, आणि मग उठतो, ती.

ते थांबले. बांबू गुडघ्यांवर आडवा. थांबलेच. वरच्या कुठल्यातरी घरातून फोडणीचा वास आला, एक बस येऊन गेली. फातिमाने माझ्याकडे बघितलं. ईशा कुजबुजली, "आज्जी, ही फरगॉट ऑलरेडी, लाह. सांग ना." शब्द माझ्या ओठांवर होता. मी हाताकडे बघत होते. हात स्वस्थ होता. मी ओठ दाबून धरले.

मग ते उठले आणि अगदी साध्या आवाजात म्हणाले, "न्युत मेन्नॅन."

त्या एकाच वाक्याचा अर्थ मी त्यांना कधीतरी विचारला होता. चला, निघू या.

बांबू खांद्यावर टाकून ते खांबांच्या सावलीतून बाहेर उन्हात गेले, बसस्टॉपपर्यंत. एक बस थांबली, तिचं दार उघडलं. ड्रायव्हरने बांबू बघून मान हलवली, दार मिटलं आणि बस गेली. ते थोडा वेळ तिथेच उभे राहिले. मग परत आले, बांबू माझ्या हातात दिला आणि वाकून नमस्कारासारखं काहीतरी केलं. आम्ही सगळे एकाच लिफ्टने वर निघालो. बाराव्या मजल्यावर मी आणि ईशा उतरलो, आणि वळून बघितलं तेव्हा माझ्या लक्षात आलं की ओन्नीराव सगळ्यांसारखे दाराकडे तोंड करून उभे होते.

त्यानंतर लवकरच कंपनीने जागा बदलली आणि ते चोआ चू कांगला राहायला गेले, बेटाच्या दुसऱ्या टोकाला. एमआरटी बदलून बदलून मी एकदा ताक घेऊन गेले होते. ते घरी नव्हते. बाटली दाराला अडकवून आले. पुढे त्यांचा फोन लागेनासा झाला.

तिसरा भाग निघाला तेव्हा ईशा कॉलेजात जायला लागली होती. गेम वगैरे तिने सोडलं होतं, पण हा तिने आणला, माझ्यासाठी. रविवारी दुपारी मला सोफ्यावर बसवलं आणि वेशीपर्यंत चालत नेलं. वेस तीच. धुकं. आणि धुक्यात दरवान, आता अंगातून पलीकडचं दिसणारा. मान किंचित डावीकडे. ईशाने बटण दाबलं.

दरवान बोलला नाही. समोर बघत राहिला. ईशा म्हणाली, "हा पॉज खूप फेमस झालाय, आज्जी. सगळे म्हणतात, काय ॲक्टिंग आहे."

मी चेहरा बघितलाच नाही. हात बघितला. हात खाली सोडलेला होता, आणि अंगठा दोन बोटांवर हळूहळू फिरत होता, चिमटीतलं मीठ सोडल्यासारखा.

"न्युत मेन्नॅन," मी म्हटलं. पहिल्या रांगेत जाणार नाही अशा आवाजात.

बोटं फिरत राहिली. मग दरवानाने मान वर केली आणि इंग्रजीत म्हणाला, हे दार पलीकडून उघडतं. आणि धुक्यात नाहीसा झाला.

ईशा माझ्याकडे बघत होती. "आज्जी, त्यांना नाही ना ऐकू येत."

"माहीत आहे," मी म्हटलं. "पुन्हा लाव."

तिने बटण दाबलं, आणि ओन्नीराव उठून पुन्हा वेशीवर उभे राहिले.